आठवं कुणाचं?

१

सहदेव तावडे हा सुखी माणूस होता. हसू नका. भांडुपच्या चाळीत, दहा बाय बाराच्या खोलीत, गिरणीला कुलूप लागल्यावरसुद्धा सुखी राहणं ही काही लहानसहान गोष्ट नव्हे. पंधरा वर्षं तो गिरणीत कापडाच्या गाठींवर छापे मारत होता. मग संप झाला आणि गिरणी बंद पडली ती पडलीच. चाळीतले बाकीचे कुणी भाजीला बसले, कुणी वॉचमन झाले. सहदेव चार महिने घरात बसून छताकडे बघत राहिला, आणि मग त्याने देवांना कामाला लावलं.

त्याचं असं होतं की बिल्डिंगचा जिना म्हणजे पान खाणाऱ्यांची हक्काची मोरी. 'येथे थुंकू नये' असं लिहावं, तर लोक नेमके त्या 'नये'वर नेम धरायचे. यावर उपाय एकच, कोपऱ्यात देव काढायचा. पण एकट्या गणपतीचं काम नाही, कारण थुंकणारा दुसऱ्या कुठल्या देवाचा असला तर? म्हणून सहदेव सगळेच काढायचा. ॐ, क्रूस, चांद-तारा, शिखांचा खंडा, जैनांचा हात, बुद्धाचं चाक आणि पारशांचा अग्नी. मोजून सात. दवाखान्यातून जुन्या एक्स-रेच्या फिल्म आणायच्या, ब्लेडने त्यात चिन्हं कापायची आणि भिंतीला लावून वरून रंगाचा बोळा फिरवायचा. कुणाच्या तरी बरगड्यांतून ॐ उमटायचा, कुणाच्या तरी गुडघ्यातून क्रूस.

"देवासमोर कोण थुंकणार साहेब?" असं तो सेक्रेटरी लोकांना सांगायचा, आणि खरंच कुणी थुंकायचं नाही.

काळजी होती ती एकच, नलिनीची. ही त्याची एकुलती लेक, देवनारला दिलेली. दोनदा दिवस गेले आणि दोन्ही वेळा सातव्या महिन्यात पोटातलं मूल हलायचं थांबलं. आता ही तिसरी खेप. जावई नंदू तिला स्वतः आणून सोडून गेला होता. सातवा सरला, आठवा लागला. सहदेवची बायको रत्नप्रभा कॅलेंडरवर रोज फुली मारायची आणि त्या फुलीकडे दोघंही बघत नसल्यासारखं करायची.

त्याच आठवड्यात सहदेवला नाहूरचं काम मिळालं. सुखनिवास सोसायटी, चार मजले, जिन्याची चार वळणं. शेवटचं वळण गच्चीला जाणारं. भांडुपहून सायकलवर अर्धा तासही लागत नाही. सहदेव शीळ घालत निघाला.

२

काम दोन दिवसांत झालं. तिसऱ्या दिवशी सकाळी तो कुठे रंग ओघळलाय का ते पुसायला गेला. पहिलं वळण झकास होतं, दुसरंही. तिसऱ्या वळणावर तो उकिडवा बसला, कारण चिन्हं गुडघ्याच्या उंचीवर होती, थुंकी पडते तिथे. ओळीने बघत गेला. ॐ, क्रूस, चांद-तारा, खंडा, हात, चाक, अग्नी. आणि अग्नीच्या पुढे, बरोबर तेवढंच अंतर सोडून, आणखी एक.

एक कडं होतं ते. वाटीच्या तोंडाएवढं. एका बाजूला अंगठाभर उघडं. रंग सुकलेल्या कुंकवासारखा, आणि सहदेवच्या पिशवीत असा रंगच नव्हता.

"च्यायला, हे कधी काढलं मी?" तो मोठ्याने म्हणाला.

मग त्याने डोकं चालवलं. रंगाच्या डब्याचं झाकण आपण भिंतीला टेकवून ठेवलं असणार, त्याचा छाप उठला, आणि झाकण जिथे वाकलंय तिथे फट राहिली. सरळ आहे. त्याने सगळी झाकणं काढून लावून बघितली. एक मोठं पडलं, बाकी सगळी लहान. 'असेल, एखादं हरवलं असेल,' असं मनाशी म्हणून त्याने फडका टर्पेंटाइनमध्ये बुडवला.

तेवढ्यात तिसऱ्या मजल्यावरच्या परेराबाई बाजाराची पिशवी घेऊन वर आल्या. सहदेवच्या हातातला फडका बघून त्या थांबल्या.

"पुसतो कशाला रे? छान काढलाय. तो त्या सरदार लोकांचा कडा ना?"

"नाही हो बाई, ते चुकून..."

"चुकून काय? देवाचा काय चुकून असतो? राहू दे. कुणाच्या मनाला लागेल." त्यांनी जाता जाता आपल्या क्रूसाला हात लावून ओठांना लावला, आणि मग, शेजाऱ्याला नमस्कार करावा तसं, त्या कड्यापुढेही मान झुकवली.

आता बघा, इथेच चुकलं. सहदेवने म्हणायला हवं होतं, बाई, हे कुणाचंच नाही. पण त्याच्या मनात आलं, आपण पुसायचं आणि खरंच निघायचं कुणाचं तरी! धर्माची गोष्ट. उगाच नसता वाद, हातचं काम जाईल. त्याने फडका पिळला आणि पिशवीत टाकला.

३

सुखनिवासवाल्यांना काम आवडलं. सेक्रेटरी मार्तंड वैद्य, रेल्वेतून रिटायर झालेले, म्हणाले, "तावडे, आता आलाच आहात तर दारांवरचे नंबर आणि टपालपेट्यांवरची नावंही करून टाका." म्हणजे आणखी दोन आठवड्यांचं काम. सहदेव खूश.

रोज जिना चढताना तो तिसऱ्या वळणाकडे बघायचा. पहिल्यांदा तिथे झेंडूचं एक फूल दिसलं. मग मेणबत्तीचा तुकडा. मग उदबत्ती, कुणीतरी बटाट्याच्या फोडीत खोचलेली. गंमत म्हणजे बाकीच्या सातांपुढे काही नाही, सगळं आठव्यापुढे. सगळ्यांना वाटलेलं, हे शेजाऱ्याचं आहे, बिचाऱ्याच्या देवापुढे कुणी काही ठेवत नाही, आपण तरी ठेवू या. शेजारधर्म म्हणतात तो हाच.

आणि सोसायटीत बरं चाललं होतं हो! पाण्यावरून होणारी भांडणं थांबली. समोरासमोर राहणाऱ्या कमलबेन आणि परेराबाई एरवी बादलीवरून एकमेकींच्या सात पिढ्या उद्धरायच्या. त्या आता एकमेकींना ढोकळा आणि केक पाठवू लागल्या. पोरं जिन्यात धावेनाशी झाली. सहदेवला हे सगळं आवडलं. आपल्या हाताला गुण आहे असं त्याला वाटलं.

फक्त एक गोष्ट त्याला खटकली. लोक त्या वळणावर थांबायचे. दम लागला म्हणून थांबावं तसे नव्हे. उभे राहायचे, मान जराशी भिंतीकडे कलती करायचे आणि तसेच राहायचे. शेजारच्या खोलीत झोपलेलं मूल उठलं का हे ऐकताना आपण थांबतो ना, तसे. मग हसरा चेहरा करून वर जायचे.

एका दुपारी जिन्यात कुणी नव्हतं. सहदेव वळणावर बसला आणि त्याने कड्याच्या मध्यभागी तळवा टेकवला.

भिंत ऊबदार होती.

'ऊन लागत असेल बाहेरून,' तो मनात म्हणाला. खाली उतरून बिल्डिंगला वळसा घालून बघून आला. ती बाजू उत्तरेची. सावलीत, शेवाळ धरलेली. ना गरम पाण्याचा पाइप, ना कुणाचं स्वयंपाकघर. भिंतीच्या पलीकडे नुसती हवा. तो पुन्हा वर आला, पुन्हा हात लावला. ऊबदार. अंगावर पांघरूण घेतलेल्या माणसासारखी.

त्याने हात काढायला हवा होता. पण मन नलिनीकडे धावलं. आठवा महिना, कॅलेंडरवरच्या फुल्या, दोन वेळा रिकामी परत आलेली पोर. त्याला भरून आलं. इतक्या देवांना सांगून झालं होतं. आंगणेवाडीचा नवस, माहीमची मेणबत्ती, पिराची चादर, काही बाकी ठेवलं नव्हतं.

"तू कुणाचाही असशील," तो पुटपुटला, "माझ्या पोरीचं मूल जगू दे. मग तू मागशील ते."

तळव्याखाली काहीतरी हललं. फार नाही, एकदाच. आतून कुणी टकटक करावी तसं पण नाही, त्याहून मऊ.

सहदेवने सायकल काढली आणि तडक घर गाठलं. दारातच रत्नप्रभा हसत होती. "अवो, ऐकलात? लाथ मारल्यान, लाथ! आत्ताच. इतक्या दिवसात अशी मारूक नव्हती."

नलिनी भिंतीला टेकून बसली होती, पोटावर हात ठेवून. "बाबा, खरंच. साडीसकट उडालं बघा." आणि बघता बघता निळ्या साडीखाली पोट एका बाजूने उचललं गेलं, टाच फिरावी तसं, आणि पुन्हा खाली बसलं.

सहदेव हसला. पण ते उचलणं त्याने अर्ध्या तासापूर्वी तळव्याखाली अनुभवलं होतं.

४

कड्याची फट लहान होत होती.

पहिल्या दिवशी अंगठा बसत होता, हे त्याला पक्कं आठवत होतं. आठवडाभराने मधलं बोट बसलं. आणखी चार दिवसांनी करंगळी. रंग पसरतो, दमट भिंत आहे, असं त्याने स्वतःला सांगून बघितलं. पण पसरलेला रंग कडेला फिका पडतो, हे पंधरा वर्षं छापे मारणाऱ्याला कोण शिकवणार? हे कडं ब्लेडने कापल्यासारखं स्वच्छ होतं.

शेवटी त्याने मार्तंडरावांना गाठलं. म्हातारा वाचणारा माणूस. तो चष्मा पुसत वळणावर आला आणि वाकून बघू लागला.

"मला वाटलं शेखसाहेबांच्यातला चंद्र असेल. पौर्णिमेकडे जाणारा."

"नाही ओ साहेब. चांद-तारा तो तिसरा. हे मी काढलंच नाही."

"अहो तावडे, गोल आकाराचं असंच असतं. जगाची सुरुवात कुणालाही विचारा, काहीतरी गोलच निघतं. कुणाचं अंडं, कुणाचा सूर्य, कुणाचं शून्य. सगळ्यांचं म्हणा ना." म्हातारा खुशीत आला होता. "तरी विचारून घेऊ. एकदा कळलं की बरं."

दोघं दारोदार फिरले. हे सोसायटीच्या जन्मापासून कुणी केलं नव्हतं. परेराबाई म्हणाल्या, "आमचा नाय रे बाबा. सरदारांचा." बिल्डिंगमधल्या एकुलत्या सरदारजींनी मनगटातलं कडं पुढे करून दाखवलं. "ये देखो, पूरा गोल. आमच्यात फट नाही. जैन लोकांचं असेल." कमलबेन म्हणाल्या, "आमच्यात नथी भाई. मला वाटला, परेराबाईंच्या चर्चमध्ये ती गोळ पोळी देतात, ते असेल." रत्नागिरीचे शेखचाचा दारातच हसले. "आमच्यात चिन्ह-बिन्ह काय नसतं हो. चांद-तारापण तुम्हीच रंगवता, आम्ही चालवून घेतो. हे पारशांचं असणार." पारशी बिल्डिंगमध्ये कुणी नव्हतंच. तळमजल्यावरचे कांबळे म्हणाले, "आमचं चाक, चोवीस आऱ्यांचं. याला एक तरी आरा दिसतो का?"

खाली येईपर्यंत मार्तंडरावांचा चेहरा उतरला. शेवटच्या पायरीवर ते बसले.

"म्हणजे आपल्यापैकी कुणाचंच नाही?"

"नाही साहेब."

"आणि दोन आठवडे सगळे हात जोडतायत." त्यांनी घसा खाकरला. "तावडे, मीही जोडतो. रोज. आमच्या हिचं दुखणं बरं व्हावं म्हणून. आणि ती बरी आहे हो, चालायला लागली." मग पायरीवरून उठत ते म्हणाले, "पुसून टाका. आजच."

त्या क्षणी सहदेवला खरंच हायसं वाटलं. शहाण्या माणसाने सांगितलं, आता आपली जबाबदारी नाही.

५

टर्पेंटाइनने काही होईना. मग त्याने पांढरा रंग घेतला. पहिला हात मारला, कडं खालून दिसत राहिलं. दुसरा हात. तिसऱ्या हाताला भिंत कोरी झाली. फुलं, मेण, उदबत्तीची राख, कुंकू, केशर, अत्तराचा बोळा हे सगळं त्याने कागदात गोळा करून कोपऱ्यात सारलं. देवाचं म्हणून फेकवेना.

ब्रश धुताना त्याच्या लक्षात आलं की बिल्डिंगमध्ये आवाज नाही. दुपारचे दोन वाजलेले. एरवी कुणाचा तरी रेडिओ, कुणाचा कुकर. आता काही नाही. आणि सगळे घरात होते, हे त्याला माहीत होतं. दारांच्या मागे सगळे उभे आहेत आणि ऐकतायत, असं त्याला उगाच वाटलं. त्याने भिंतीला हात लावला. गार. साध्या भिंतीसारखी गार.

'बरं झालं,' असं म्हणत तो निघाला. सायकलवर शीळ मात्र येईना.

घरी रत्नप्रभा उंबऱ्यात बसली होती. स्वयंपाकाला हात लावलेला नव्हता.

"काय झाला गो?"

"दोन वाजल्यापासून पोर हललां नाय."

आत नलिनी कुशीवर झोपली होती. तिने साखरपाणी पिऊन बघितलं होतं, कूस बदलून बघितली होती. तिसऱ्यांदा त्याच वाटेवर आलेल्या बाईला शिकवावं लागत नाही. ती रडत नव्हती. "बाबा," ती म्हणाली, "तसंच होतंय हो. पहिल्या दोन वेळेसारखं. असंच गप्प झालं होतं."

रिक्षा करून तिघं म्युनिसिपालिटीच्या प्रसूतिगृहात गेली. नर्सने नळी लावून ऐकलं, जागा बदलून ऐकलं, पुन्हा ऐकलं. "डॉक्टर पाचला येतील. बसा," ती हळू आवाजात म्हणाली. आधीच्या दोन्ही खेपांना त्यांना हाच आवाज ऐकायला मिळाला होता.

सहदेवने भिंतीवरच्या घड्याळाकडे बघितलं. पावणेचार. मग बाकावर बसलेल्या लेकीकडे बघितलं. तिने पदराखाली दोन्ही हातांनी पोट धरलं होतं, कुणी ओढून नेईल अशा भीतीने.

"मी आलोच," तो म्हणाला.

"अवो, आता खंय जातास?" रत्नप्रभा किंचाळली. "चेडवाकडे बघा आधी!"

"चेडवासाठीच जातंय."

६

सुखनिवासच्या तिसऱ्या वळणावर बसून पत्र्याच्या पट्टीने त्याने भिंत खरवडली. पांढरा रंग पापुद्र्यांनी सुटला. एक हात गेला, दुसरा गेला, तिसरा गेला. खाली नुसतं प्लॅस्टर. कडं नव्हतं. तीन हातांखाली गेलेलं कडं, ज्याला टर्पेंटाइन लागलं नाही, ते तिथे नव्हतंच.

म्हणजे आता काढायला हवं. आणि त्याच्याकडे ना त्या मापाची फिल्म, ना तो रंग.

त्याची नजर कोपऱ्यातल्या कागदावर गेली. वैद्यांच्या घरचं कुंकू. परेराबाईंचं मेण. उदबत्तीची राख. कमलबेननी वाहिलेलं केशर. शेखचाचांकडून आलेला अत्तराचा बोळा. त्याने सगळं डब्याच्या झाकणात घेतलं, पाण्याचे चार थेंब टाकले आणि अंगठ्याने कालवलं. सुकलेल्या कुंकवाचा रंग तयार झाला. तोच. तरी सहदेवचा हात थांबला नाही.

त्याने अंगठा भिंतीला टेकवला. माप घ्यायला लागलं नाही. हात फिरला, वाटीच्या तोंडाएवढा, आणि अंगठाभर जागा उरली तिथे आपोआप उचलला गेला. तेव्हा त्याला कळलं की आपण हे पहिल्यांदा काढत नाही आहोत. कामाच्या त्या दुसऱ्या दिवशीही आपणच इथे बसलो होतो. बाकी कोण बसणार? आपण काय कालवलं होतं तेवढं मात्र आठवेना.

"घे," तो म्हणाला. "मी पुसलं, मीच काढलं. आता सोड तिला."

कड्याच्या आत प्लॅस्टर उचललं गेलं.

चुना, वाळू, सिमेंट. त्याला तडा गेला नाही, कण खाली पडला नाही. ते एका बाजूने फुगलं, काहीतरी गोलसर आतून त्याला घासत गेलं, डावीकडून उजवीकडे, सावकाश, अवघडलेल्या जागेत कूस बदलावी तसं. मग सपाट झालं. क्षणभर फटीत, जिथे रंग नव्हता तिथे, सहदेवला ओलसर असं काहीतरी चमकलेलं दिसलं. ते त्याच्याकडे बघत होतं की नाही, हे तो छातीवर हात ठेवून सांगू शकला नसता.

वरच्या पायरीवर मार्तंडराव उभे होते. कधीपासून, देव जाणे. सहदेवला वाटलं, आता ओरडतील. म्हातारा ओरडला नाही. त्याचे डोळे भरून आले होते.

"आमची ही दोन वाजल्यापासून उठलीच नव्हती अंथरुणावरून," ते म्हणाले. "आत्ता चहा मागतेय." आणि त्यांनी चपला काढून हात जोडले.

एकेक करत दारं उघडली. खालच्या मजल्यावर कुणाचा तरी रेडिओ लागला.

७

तो परत प्रसूतिगृहात पोहोचला तेव्हा नलिनी हसत होती. पोट नुसतं उसळत होतं. नर्सने नळी गळ्यात अडकवली आणि म्हणाली, "काय हो बाबा, कुठे पळालात? तुमचं नातवंड फुटबॉल खेळतंय."

पुढचे चार आठवडे सहदेवने मोजले नाहीत, पण फट मोजली. ज्या दिवशी पहाटे नलिनीला मुलगी झाली त्या सकाळी तो पेढे घेऊन सुखनिवासला गेला. कडं पूर्ण जुळलं होतं. आणि आतलं प्लॅस्टर खोल बसलं होतं. फुटलेलं नव्हे. बाळंत झालेल्या बाईचं पोट बसतं तसं, सैल आणि रिकामं. सहदेवने बोटाने वाजवून बघितलं. पोकळ आवाज आला. भिंत गार होती.

तो तिथेच पायरीवर बसला. पेढ्यांचा खोका मांडीवर. एकच विचार डोक्यात फिरत राहिला, की जे इथून गेलं ते कुठे गेलं? मग त्याने तो विचार झटकला, कारण पोर गोरीगोमटी, सात पौंडांची, दहाही बोटं जागेवर. माणसाने आणखी काय मागावं?

पोर रडायची नाही, एवढंच. जन्मतानाही रडली नव्हती. भूक लागली की डोळे उघडून वाट बघायची. "रडत कसां नाय गो ह्यां?" रत्नप्रभा म्हणायची, आणि शेजारणी म्हणायच्या, "अगं नशीब समज! आमच्यांनी चाळ डोक्यावर घेतली होती." पोर चाळीत ज्याच्या मांडीवर जाई तो माणूस बोलायचा थांबायचा आणि मान जराशी कलती करून हसत बसायचा.

पाचवीला रत्नप्रभाने रीतीप्रमाणे पाटा मांडला, त्यावर कोरा कागद आणि लेखणी ठेवली. सटवाई येते आणि मुलाचं नशीब लिहून जाते. ते कागदावर दिसत नाही, दिसूही नये. सकाळी कागद कोराच निघतो आणि बायका तो घडी घालून ठेवून देतात.

सकाळी सहदेव आंघोळ करून आला तेव्हा रत्नप्रभा कागद उचलत होती. तिने मान फिरवून, न बघता घडी घातली. पण घडी पडायच्या आत सहदेवला दिसलं. वाटीच्या तोंडाएवढं कडं, एका बाजूला अंगठाभर उघडं. ओलं होतं अजून.

"तुमी बघू नकात," रत्नप्रभा म्हणाली. "आपण वाचूचा नसता."

"नाय बघलंय," सहदेव म्हणाला, आणि मोरीत जाऊन पुन्हा हात धुऊन आला. अंगठ्याचा रंग काही निघेना.

८

नातीचं नाव जानकी ठेवलं. आता ती दीड वर्षाची आहे. गुटगुटीत, हसरी. नलिनी सुखात आहे, नंदू तर पोरीवरून जीव ओवाळून टाकतो. रत्नप्रभाने कॅलेंडरवर फुल्या मारणं सोडलं. सहदेवला कामं इतकी येतात की मुलुंड काय, घाटकोपर काय, त्याला सायकल पुरत नाही. सुखनिवासचं नाव सगळीकडे झालंय ना! ज्या बिल्डिंगमध्ये कुणी भांडत नाही.

एकदाच त्याने फक्त सात काढली होती. घाटकोपरला, मुद्दाम. त्या दुपारी देवनारहून निरोप आला की जानकी पाळण्यात डोळे उघडे ठेवून पडून आहे आणि हलत नाही. निरोप घेऊन आलेल्या नंदूला दारातच सोडून सहदेव उलटा फिरला आणि त्याच जिन्यात जाऊन आठवं काढत बसला. संध्याकाळी पोर भात जेवली.

काल तो मुलुंडच्या एका नव्या सोसायटीत होता. एक्स-रेच्या सात फिल्म झाल्यावर त्याने झाकणात कुंकू कालवलं आणि नुसत्या अंगठ्याने शेवटचं काढलं. तिथल्या सेक्रेटरीण, माणिकताई, बाजूला उभ्या होत्या. नीटनेटक्या बाई. त्यांनी बोटाने मोजलं.

"हे आठवं कुणाचं हो?"

सहदेवने वर बघितलं. त्याचा चेहरा शांत होता, चांगल्या माणसाचा असतो तसा.

"तुमचं नाही का ताई?"

"नाही, आमच्यात नाही असं."

"मग शेजाऱ्यांचं असेल," सहदेव म्हणाला. "हात जोडायला आपलं काय जातंय?"

"ते बाकी खरं," असं म्हणून माणिकताईंनी हात जोडले. सहदेवने अंगठा फडक्याला पुसला, तळवा भिंतीला टेकवून ठेवला आणि ऊब येईपर्यंत तसाच बसून राहिला.